रेगेन्सबुर्गचा दीड तासाचा गाइडेड वॉक: आईबाबांना घेऊन जाताना केलेली तयारी, रस्ता आणि टिपा

मी म्युनिकला राहते. रेगेन्सबुर्गला पहिल्यांदा एकटीच गेले होते, हिवाळ्यात, दिवसभर फिरले, फोटो काढले, परत आले. एका चौकात पांढऱ्या दगडाच्या बैठ्या पायऱ्यांसारखं काहीतरी होतं, त्यावर बसून कॉफी प्यायले. ते काय होतं हे दोन वर्षांनी कळलं, आईबाबा आले होते तेव्हा गाइड घेऊन गेले म्हणून. एका सिनेगॉगचा, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाचा आराखडा होता तो. त्याच्याबद्दल खाली येईलच. पण तेव्हापासून जर्मनीत कोणी ओळखीचं फिरायला आलं की मी हेच सांगते, जुन्या शहरात पोचल्यावर पहिलं काम गाइडेड वॉकचं करा, बाकी सगळं नंतर. जर्मनीत त्याला श्टाटफ्यूरुंग म्हणतात, हा शब्द लक्षात ठेवा, स्टेशनवर, वेबसाइटवर, बोर्डावर हाच दिसेल.

रेगेन्सबुर्गच का? न्युर्नबर्ग, म्युनिक, ड्रेस्डेन या शहरांचे जुने भाग दुसऱ्या महायुद्धात बॉम्बने उद्ध्वस्त झाले, आज दिसतं त्यातलं बरंचसं नंतर पुन्हा बांधलेलं आहे. रेगेन्सबुर्गवरही बॉम्ब पडले, १७ ऑगस्ट १९४३ ला अमेरिकन विमानांनी मोठा हल्ला केला, पण निशाणा शहराच्या पश्चिमेचा मेसरश्मिट विमान कारखाना होता, त्यामुळे जुनं गाव बहुतांश वाचलं. म्हणजे तुम्ही ज्या भिंतीला हात लावता ती खरंच सातशे-आठशे वर्षं जुनी असू शकते. २००६ पासून युनेस्कोच्या यादीत आहे. आणि सगळं एवढं जवळजवळ आहे की गुडघे दुखणाऱ्या माणसालाही झेपतं.

आधीच्या आठवड्यात

वॉकचे ढोबळमानाने तीन प्रकार. एक म्हणजे ठरलेल्या वेळेला निघणारा ग्रुप, तिकीट काढून कोणीही जाऊ शकतं. दुसरा फक्त तुमच्यासाठी गाइड, ज्यात पैसे माणशी नाही तर अख्ख्या ग्रुपचे एकदम लागतात, त्यामुळे दोन कुटुंबं मिळून आठ-दहा जण असाल तर हाच परवडतो आणि चालीचा वेगही तुमचा. तिसरा, मोठ्या शहरांत असतो तो "फ्री" वॉक, शेवटी मनाला येईल ते द्यायचं. तो फुकट समजून जाऊ नका, त्या गाइडची कमाई तेवढीच असते, मी तरी माणशी दहा युरोच्या खाली देत नाही.

पहिल्यांदा जाणाऱ्याला माझा सल्ला पहिल्या प्रकाराचा. रेगेन्सबुर्गचं टूरिस्ट इन्फर्मेशन ऑफिस जुन्या राटहाउसमध्येच आहे, म्हणजे जुन्या नगरपालिकेच्या इमारतीत. तिथल्या साइटवर तारीख टाका आणि भाषा नीट बघा, जर्मन वॉक वर्षभर असतात पण इंग्रजी मोसमाप्रमाणे कमीजास्त होतात. मी घाईत जर्मन वॉकची तिकिटं काढली होती, आदल्या रात्री लक्षात आलं, मग सगळी धावपळ. तसंच वॉकमध्ये राइशस्टाग, म्हणजे जुन्या साम्राज्याच्या राजसभेचं म्युझियम आतून दाखवतात की फक्त बाहेरून, तेही वाचून घ्या. ते म्युझियम बघायला वेगळं तिकीट आणि वेगळा गाइड लागतो, आपलं आपण आत शिरता येत नाही. माझं मत, दोन्ही एकाच दिवशी करा पण मध्ये जेवणाची सुट्टी ठेवून.

वार निवडताना एवढं बघा, सोमवारी बरीच म्युझियमं बंद असतात, रविवारी दुकानं बंद असतात. मला रविवार आवडतो, गल्ल्या शांत असतात आणि सकाळच्या प्रार्थनेला डोममध्ये, म्हणजे इथल्या कॅथीड्रलमध्ये, बरेचदा डोमश्पात्सेन हा मुलांचा गायनवृंद गातो. फक्त प्रार्थना चालू असताना आत फिरता येत नाही, त्यामुळे वॉक त्यानंतरचा घ्या.

ट्रेन: म्युनिकहून साधारण दीड तास, न्युर्नबर्गहून तासाभराच्या आसपास. दोनपेक्षा जास्त जण असाल तर बायर्न-टिकेट काढा, एका तिकिटावर पाच जणांपर्यंत दिवसभर फिरता येतं. पण ते फक्त रीजनल गाड्यांना चालतं, आयसीई, आयसी या लांब पल्ल्याच्या वेगवान गाड्यांना नाही, आणि सोमवार ते शुक्रवार सकाळी ९ च्या आधी चालत नाही. म्हणजे कामाच्या दिवशी ९ नंतर निघून साडेअकराच्या आधी राटहाउसला पोचणं कठीण, वॉक दुपारचाच बुक करा. तिकिटावर सगळ्यांची नावं लिहायची असतात, हे विसरू नका.

सनावळीची चिठ्ठी

हा भाग माझ्या बाबांचा. ते निवृत्त शिक्षक, इतिहास शिकवायचे. वॉकच्या आदल्या रात्री ते म्हणाले, गाइड सन सांगत जाणार, आपल्या डोक्यात ते कुठेच अडकणार नाहीत, तू मला त्या गावचे पाच-सहा सन दे, मी समोर आपले लिहितो. वहीच्या एका पानावर त्यांनी हे लिहिलं:

१७९, रोमन छावणी बांधून झाली. आपल्याकडे सातवाहन.
११३५ ते ११४६, दगडी पूल. कल्याणीचे चालुक्य.
१२७३ नंतर, डोमचं बांधकाम. देवगिरीला रामदेवराव यादव, १२९० ला ज्ञानेश्वरी.
१५१९, ज्यूंची वस्ती पाडली. गोवा पोर्तुगीजांकडे जाऊन ९ वर्षं.
१६३०, खगोलशास्त्रज्ञ केप्लरचा मृत्यू. शिवनेरीवर महाराजांचा जन्म.
१६६३, कायमची राजसभा सुरू. लाल महालावर छापा.
१८०६, राजसभा संपली. दुसरा बाजीराव, पेशवाई बुडायला अजून १२ वर्षं.

आता सांगते, या एका चिठ्ठीने आख्खा वॉक बदलला. गाइड बाई "सिक्स्टीन सिक्स्टी थ्री" म्हणाल्या आणि आई पटकन म्हणाली, "अगं शाहिस्तेखानाची बोटं तुटली तेव्हा!" आईला इंग्रजी भराभर बोललेलं कळत नाही, पण तिला कुठे आहोत ते कळत होतं. तुम्ही कुठल्याही शहरात जा, ल्युबेक, बाम्बेर्ग, हायडेलबर्ग, अर्धा तास बसून अशी चिठ्ठी करा, सहा-सातच सन, जास्त नको. घरातल्या मोठ्यांनाच करायला सांगा.

निघायच्या सकाळी

बूट मऊ तळाचे आणि वापरलेले. जुन्या गावातली फरसबंदी म्हणजे छोटे छोटे दगड बसवलेले, पाऊस पडला की घसरतं, नव्या चपलांनी किंवा पातळ सँडलने दीड तासात तळवे भरून येतात. थंडीत तर दगडाचा गारठा तळव्यातून वर चढतो, कारण गाइड बोलते तेव्हा आपण उभे असतो, चालत नसतो. आईला दोन मोजे घातले होते तरी ती पाय हलवत होती. पाण्याची बाटली, छत्री नाहीतर टोपीवालं जाकीट, आणि सुटी नाणी घ्या, सार्वजनिक टॉयलेटला पन्नास सेंट ते एक युरो लागतो आणि सगळीकडे कार्ड चालत नाही. वॉक सुरू व्हायच्या आधी जाऊन या, मध्ये थांबायची सोय नसते. ज्यांना फार वेळ उभं राहवत नाही त्यांच्यासाठी फोल्डिंगचं हलकं स्टूल मिळतं, आम्ही ते नेलं नव्हतं, पुढच्या वेळी नक्की नेणार.

स्टेशनातून बाहेर पडलं की माक्सिमिलियानश्ट्रासे या सरळ रस्त्याने पंधरा मिनिटांत गावात पोचता. सायकलच्या पट्ट्यावर चालू नका, आणि वेळेच्या दहा मिनिटं आधी राटहाउससमोर हजर राहा. वॉक ठरल्या मिनिटाला निघतो, कोणासाठी थांबत नाही.

भेटल्यावर गाइडला दोन गोष्टी लगेच सांगा. बरोबर वयस्कर माणसं आहेत, आणि मी त्यांना हळू आवाजात मराठीत सांगणार आहे, चालेल ना. आमच्या गाइड बाईंनी मग प्रत्येक ठिकाणी आईला टेकायला कट्टा दाखवला. भाषांतर करणाऱ्याने घोळक्याच्या कडेला उभं राहावं, मोठ्यांना पुढे उभं करून तुम्ही मागून कुजबुजलात तर बाकीच्यांचं लक्ष जातं. आणि सगळं भाषांतर करू नका, दोन वाक्यांत सार सांगा, उरलेलं रात्री घरी.

वॉकमध्ये काय बघायचं

रस्ता गाइडप्रमाणे थोडा बदलतो, पण साधारण हेच टप्पे असतात.

राटहाउसच्या दारावर दोन दगडी माणसं डोकावतात, एक दगड भिरकावायच्या तयारीत. दाराशेजारी भिंतीवर लोखंडी पट्ट्या आहेत, त्या बघायला विसरू नका. शहराचा अधिकृत पाऊल, हात आणि वाव, म्हणजे लांबीची मापं. बाजारात कापड मोजताना भांडण झालं तर इथे येऊन ताडून बघायचं. प्रत्येक शहराचं माप वेगळं होतं, म्हणून बाहेरच्या व्यापाऱ्यालाही ते दिसायला हवं. आईने स्वतःचा हात कोपरापासून लावून बघितला.

याच इमारतीत १६६३ पासून १८०६ पर्यंत पवित्र रोमन साम्राज्याची राजसभा कायमची बसलेली होती. आधी सम्राट बोलवेल त्या गावी ती भरायची, १६६३ ला इथे भरली ती तुर्कांविरुद्धच्या युद्धाला मदत हवी म्हणून, आणि मग उठलीच नाही. संस्थानिकांऐवजी त्यांचे वकील येऊन राहायला लागले. बाबा म्हणाले, पुणे दरबारात वकील असायचे तसं. जर्मनमध्ये एखादं काम लांबणीवर टाकलं की "लांब बाकावर सरकवलं" म्हणतात, आणि तो बाक इथलाच असं गाइड लोक सांगतात.

तिथून गल्ल्यांत शिरलं की मान वर करा. इटलीत असतात तसे उंच चौकोनी मनोरे इथल्या व्यापाऱ्यांनी बांधले, बचावासाठी नाही, आपण किती श्रीमंत आहोत ते दिसावं म्हणून. वालेनश्ट्रासेमधला सोनेरी मनोरा सुमारे ५० मीटर उंच. हा पैसा आला डॅन्यूब नदीवरच्या व्यापारातून. गोलियाथ हाउसच्या भिंतीवर डेव्हिड आणि गोलियाथचं प्रचंड चित्र आहे, सोळाव्या शतकातलं, फोटो सगळे तिथेच काढतात, मी त्यावर फार वेळ घालवत नाही.

नॉयफार्प्लात्स हा तो चौक. इथे मध्ययुगात ज्यूंची वस्ती होती, जर्मन मुलखातल्या महत्त्वाच्या वस्त्यांपैकी एक. सम्राटाचं त्यांना संरक्षण होतं. जानेवारी १५१९ मध्ये सम्राट माक्सिमिलियान वारला, नवा सम्राट निवडला जायच्या आतच नगरसभेने ज्यूंना हाकलून लावलं, घरं आणि सिनेगॉग पाडलं आणि त्याच जागी मेरीचं देऊळ उभारलं. १९९५ पासून तीनेक वर्षं इथे उत्खनन झालं, तळघरं सापडली, सोन्याच्या नाण्यांचा ठेवा सापडला, सिनेगॉगचा पाया सापडला. २००५ मध्ये दानी कारावान या इस्रायली शिल्पकाराने त्या सिनेगॉगच्या आराखड्यावर पांढऱ्या काँक्रीटचं स्मारक केलं. लोकांनी तिथे यावं, बसावं, भेटावं असंच ते केलंय, मुलं उड्या मारतात, कोणी सँडविच खातं. त्यामुळे मी तिथे बसले होते यात काही चूक नव्हती. पण आता बसते तेव्हा खांबांच्या जागा कुठे आहेत ते बघून बसते. गाइड पुढे निघायच्या आत तिथे एक मिनिट मागा, द्यायला कोणी नाही म्हणत नाही. चौकाखालच्या तळघरांत जायचं असेल तर त्याचा वेगळा वॉक असतो.

आणि याच्याच पुढचं पान डोमच्या दक्षिण बाजूला, त्या जुन्या वस्तीकडे तोंड करून आहे, ज्यूंची विटंबना करणारं मध्ययुगीन शिल्प. त्याच्यापाशी आता माहितीची पाटी आहे. गाइडने दाखवलं नाही तर विचारा.

डोम, म्हणजे सेंट पीटरचं कॅथीड्रल. १२७३ च्या आगीनंतर हे गॉथिक काम सुरू झालं आणि मनोऱ्यांची टोकं १८६९ ला पुरी झाली, १०५ मीटर. म्हणजे ज्ञानेश्वरांच्या काळात सुरू झालेल्या देवळाचे मनोरे टिळक तेरा वर्षांचे होते तेव्हा पूर्ण झाले. आत शिरताना टोपी काढा, आवाज खाली. डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला दोन मिनिटं द्या, मगच खिडक्यांच्या रंगीत काचा दिसायला लागतात, त्यातल्या पुष्कळशा तेराव्या-चौदाव्या शतकातल्या आहेत. वॉकमध्ये आत फार वेळ मिळत नाही.

डोमच्या मागे, नदीच्या बाजूला पोर्टा प्रेटोरिया. रोमन छावणीचं उत्तरेचं दार. रोमन सम्राट मार्कस ऑरेलियसच्या काळात तिसरी इतालिका लीजन ही सैन्याची तुकडी, सुमारे सहा हजार सैनिक, इथे होती, छावणीचं नाव कास्त्रा रेगिना, त्यावरून आजचं नाव. हे दार शेकडो वर्षं दुसऱ्या इमारतीच्या भिंतीत गाडलेलं होतं, १८८५ ला सापडलं. चिरे बघा, चुना न वापरता एकावर एक बसवलेले. रायगड-राजगडाचे चिरे पाहिलेल्या माणसाला हे वेगळं समजवावं लागत नाही, बाबा तिथून हलायला तयार नव्हते.

शेवट दगडी पुलाशी. ११३५ च्या उन्हाळ्यात दुष्काळ पडून डॅन्यूबचं पाणी खाली गेलं होतं, तेव्हा काम सुरू झालं, अकरा वर्षांत पूल उभा. मूळच्या १६ कमानी. पुढची जवळपास ८०० वर्षं शहरात डॅन्यूबवर हा एकच पूल होता. ११८९ मध्ये सम्राट फ्रीडरिश बार्बारोसाची धर्मयुद्धाची फौज इथूनच निघाली. गाइड एक गोष्ट हमखास सांगते, पूल बांधणारा आणि डोम बांधणारा यांची पैज लागली, पुलावाल्याने सैतानाची मदत घेतली आणि बदल्यात पुलावरून जाणारे पहिले तीन जीव द्यायचं कबूल केलं, मग कोंबडा, कोंबडी आणि कुत्रा सोडला. गोष्ट छान आहे, पण चिठ्ठी काढून बघा, पूल झाला तेव्हा आताच्या डोमचं काम सुरूही झालं नव्हतं. बाबांनी हे विचारलं, गाइड बाई खूश झाल्या.

एप्रिल १९४५ मध्ये जर्मन सैन्यानेच पुलाच्या कमानी उडवल्या, अमेरिकन फौज थोपवायला. त्याच दिवसांत आजच्या डाखाउप्लात्स या चौकात बायका जमल्या होत्या, शहर न लढता सोपवा म्हणून. योहान मायर हे डोमचे धर्मोपदेशक त्यांच्या बाजूने बोलले, त्यांना २४ एप्रिलला फाशी दिलं, तीन दिवसांनी शहर लढाईशिवायच अमेरिकनांच्या हाती गेलं. हे दीड तासाच्या वॉकमध्ये बहुधा येत नाही, म्हणून लिहून ठेवते, तो चौक स्टेशनच्या वाटेजवळच आहे, विचारत गेलात तर मिळतो.

वॉक संपल्यावर

तिकिटाच्या वॉकमध्ये टिप सक्तीची नाही, आवडलं तर माणशी एक-दोन युरो हातात द्या आणि काय आवडलं ते सांगा.

मग खाणं. पुलाच्या पायथ्याशी वुर्स्टकुख्ल आहे, कोळशावर भाजलेले छोटे सॉसेज, आंबट कोबी आणि गोड मोहरी. भिंतीवर पुरांच्या खुणा कोरल्यात, त्या डोक्याच्याही वर जातात, आत न खाताही बघता येतात. शाकाहारी असाल तर गावात ब्रेत्सेल हा पिळाचा पाव आणि केझश्पेत्सले, म्हणजे चीज घातलेले नूडल्स, मिळतात, बटाट्याचं सूप मागवताना त्यात बेकन आहे का ते आधी विचारा, बरेचदा असतं.

आणि आता सगळ्यात महत्त्वाचं, जेवून झाल्यावर तोच रस्ता उलटा चाला, गाइडशिवाय. पूल ओलांडून पलीकडे श्टाटआमहोफला जा, तिथून मागे वळून मनोरे बघा, मग पुलावरून परत या. गाडीघोडा नाही, पूल आता फक्त चालणाऱ्या-सायकलवाल्यांसाठी आहे. मग रोमन दार, मग डोम. वाट थोडी वाकडी केली तर केप्लरश्ट्रासेला केप्लर वारला ते घर आहे, आता म्युझियम. थकलेली बाकी घ्यायला तो १६३० मध्ये या गावी आला, आजारी पडला आणि गेला. त्याची कबर उरलेली नाही, तीस वर्षांच्या युद्धात ती दफनभूमीच गेली. बाबा त्या दारासमोर चिठ्ठी घेऊन बराच वेळ उभे होते, एकच सन, एक माणूस गेला, एक आला.

डोममध्ये या वेळी घाई करू नका. आतल्या खांबांवर समोरासमोर दोन मूर्ती आहेत, एकीकडे मेरी, दुसरीकडे तिला बातमी सांगायला आलेला देवदूत, १२८० च्या आसपासच्या. देवदूत हसतोय. नुसता ओठ हलवून नाही, गालभर हसतोय. गाइड बाईंनी तो अर्ध्या मिनिटात दाखवून पुढे नेलं होतं. आई समोरच्या बाकावर बसली, गुडघ्यावर हात ठेवून. मी विचारलं, निघायचं का, सहा वाजताची गाडी आहे. ती म्हणाली, "ज्ञानेश्वरीच्या आधी दहा वर्षं ना हा? थांब की मग." आम्ही सातची गाडी पकडली. बायर्न-टिकेट दिवसभर चालतं, रात्री बऱ्याच उशिरापर्यंत, त्यामुळे परतीच्या गाडीची वेळ आधी ठरवून ठेवू नका.